बत्तीस टक्के पाय, पन्नास टक्के कमाई: एका गवंड्याच्या अपघात भरपाईचं प्रकरण

(ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. दावेदाराच्या बाजूने कागदपत्रांची तयारी करताना जे पाहिलं, त्यावरून हे लिहिलं आहे.)

पार्श्वभूमी

नोव्हेंबर २०२२. पश्चिम महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या गावाजवळ संध्याकाळी काम सुटल्यावर दोन गवंडी एका मोटारसायकलवरून घरी निघाले होते. समोरून आलेल्या मालवाहू टेम्पोने इशारा न देता पेट्रोल पंपाकडे वळण घेतलं आणि मोटारसायकल त्याच्या बाजूवर आदळली. चालवणारा खरचटण्यावर निभावला. मागे बसलेल्या ३७ वर्षांच्या गवंड्याच्या उजव्या गुडघ्याचा मात्र चुरा झाला. नडगीचं हाड सांध्यापर्यंत फुटलं होतं. आधी सरकारी रुग्णालय, तिथून खासगी, दोन शस्त्रक्रिया, प्लेट आणि स्क्रू, पुढे संसर्ग झाला म्हणून पुन्हा भरती. कामावर जाण्याचा प्रश्न दहा महिने आलाच नाही.

घरात बायको, दोन शाळकरी मुलं आणि आई. दवाखान्याची पक्की बिलं २,८६,४०० रुपयांची. त्यातला मोठा भाग बायकोचे दागिने गहाण ठेवून आणि मुकादमाकडून उचल घेऊन भागवला होता.

टेम्पोचा विमा चालू होता, चालकाकडे परवाना होता, गुन्हा टेम्पोचालकावर नोंदला गेला होता. विमा कंपनीने मोटारसायकलवाल्याचीही चूक असल्याचं म्हणून पाहिलं, पण दावेदार मागे बसलेला होता. दोन वाहनांच्या चुकीतून तिसऱ्याला इजा झाली, तर तो पूर्ण भरपाई दोघांपैकी कोणाकडूनही मागू शकतो. त्यामुळे चूक कोणाची हा वाद लवकर संपला. खरा वाद पुढे होता.

अडचण

जिल्हा रुग्णालयातून मिळालेल्या प्रमाणपत्रावर लिहिलं होतं: उजव्या पायाचं कायमस्वरूपी अपंगत्व ३२ टक्के. गुडघा ८० अंशांपर्यंत वाकतो, पाय दोन सेंटिमीटरने आखूड, सांध्यात झीज सुरू.

हा आकडा घरच्यांना एका प्रकारे समजला, विमा कंपनीला दुसऱ्या. भावाचं म्हणणं, बत्तीस टक्के म्हणजे तिसरा हिस्सा गेला, तेवढ्या हिशेबाने पैसे मिळतील. कंपनीचं म्हणणं, हे ३२ टक्के पायाचे आहेत, शरीराचे नव्हेत. अवयवाच्या आकड्याचा तिसरा हिस्सा म्हणजे शरीराचं अपंगत्व, या ठोकताळ्याने त्यांनी ११ टक्के धरले.

दोन्ही हिशेब मूळ प्रश्नाला बगल देतात. मोटार वाहन कायद्याचं कलम १६८ न्यायाधिकरणाला, म्हणजे अपघाताचे दावे चालवणाऱ्या न्यायालयाला, ‘न्याय्य’ भरपाई ठरवायला सांगतं, आणि पाय किती टक्के गेला यापेक्षा कमाई किती टक्के गेली हे त्यात पाहायचं असतं. राजकुमार विरुद्ध अजय कुमार या २०१० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे सविस्तर सांगितलं आहे. त्यात उदाहरण आहे डावा हात गमावलेल्या माणसाचं. तो वाहनचालक किंवा सुतार असेल, तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडते. तोच सरकारी कारकून असेल आणि नोकरी टिकली असेल, तर भविष्यातल्या कमाईचं नुकसान बहुधा शून्य. इजा तीच, भरपाई वेगळी.

त्याच निकालात पायऱ्याही दिल्या आहेत. हा माणूस आता काय करू शकतो आणि काय नाही, हे आधी पाहायचं. मग अपघातापूर्वी तो कोणतं काम करत होता आणि त्याचं वय काय. शेवटी, तो कमाईतून पूर्ण उठला आहे, तेच काम अजून करू शकतो, की कमी पैशांच्या कामावर आला आहे. डॉक्टरने शरीराबद्दल सांगायचं, कमाईच्या नुकसानीचा आकडा न्यायाधिकरणाने ठरवायचा. प्रत्यक्षात बऱ्याच दाव्यांत प्रमाणपत्र जोडलं की पुरावा संपला असं मानलं जातं आणि या पायऱ्या कोऱ्या राहतात.

इथे किती पैसे पणाला होते, ते हिशेबावरून कळतं. वय ३६ ते ४० असेल तर सरला वर्मा निकालाच्या (२००९) तक्त्यानुसार गुणक (वर्षाचं उत्पन्न ज्या आकड्याने गुणायचं तो) १५. स्वतःच्या हिमतीवर कमावणाऱ्या चाळिशीच्या आतल्या माणसाच्या उत्पन्नात भविष्यातल्या वाढीसाठी ४० टक्के मिळवायचे, हे प्रणय सेठी निकालाने (२०१७) ठरवलं. तो मृत्यूचा खटला होता, पण जखमींनाही हीच वाढ मिळते, हे जगदीश विरुद्ध मोहन (२०१८) आणि पप्पू देव यादव (२०२०) या निकालांत स्पष्ट झालं. महिना १२,००० उत्पन्न धरलं तर वाढीसह १६,८००, वर्षाचे २,०१,६००, पंधराने गुणून ३०,२४,०००. ही शंभर टक्क्यांची रक्कम. म्हणजे एका टक्क्याची किंमत ३०,२४० रुपये. ११ टक्के धरले तर ३,३२,६४०, आणि ३२ धरले तर ९,६७,६८०. मृत्यूच्या दाव्यात मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी तिसरा-चौथा हिस्सा वजा होतो, तसा जखमीच्या दाव्यात होत नाही. जगायला त्याला खर्च लागतोच.

कोणते मार्ग होते

कुटुंब वकिलांकडे आलं तेव्हा अपघाताला पाचवा महिना लागला होता. १ एप्रिल २०२२ पासून दावा सहा महिन्यांत दाखल करण्याची मुदत कलम १६६ मध्ये परत आली आहे. (तिला आव्हान मिळालं असून, केवळ मुदतीच्या कारणाने दावे फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला. पण २०२३ मध्ये कोणी त्या भरवशावर बसलं नसतं.) जखम भरलेली नसल्याने प्रमाणपत्र मिळणं शक्य नव्हतं. थांबावं तर मुदत जाणार, दाखल करावं तर मुख्य कागदच नाही.

दुसरा प्रश्न कलमाचा. कलम १६४ खाली कोणाची चूक ते सिद्ध न करता गंभीर दुखापतीला अडीच लाख मिळतात आणि विषय तिथेच मिटतो. नुसती बिलंच त्याहून जास्त होती, त्यामुळे यावर फार वेळ गेला नाही.

तिसरा प्रश्न सगळ्यात अवघड होता. २०२४ च्या एका लोकअदालतीत कंपनीने सहा लाखांचा प्रस्ताव ठेवला. त्यांचा हिशेब: महिना १०,०००, भविष्यातली वाढ नाही, गुणक १५, अपंगत्व ११ टक्के, म्हणजे १,९८,०००. त्यात बिलं आणि वेदना वगैरेपोटी काही धरून सहा लाखांपर्यंत गोळाबेरीज. भाऊ म्हणाला, “घे आणि मोकळा हो, दागिने तरी सुटतील.” बायकोचा कल थांबण्याकडे होता. “सहा लाखांतलं कर्ज फिटल्यावर हातात काय राहतंय ते सांगा,” असं तिने वकिलांनाच विचारलं. बैठकीत सगळ्यात उपयोगी प्रश्न तोच होता. लोकअदालतीतल्या निवाड्यावर अपील नसतं, सही केली की आयुष्यभराचा हिशेब बंद.

चौथा प्रश्न आतला होता: अपंगत्व किती टक्के मागायचं? मोहन सोनी प्रकरणात (२०१२) पाय कापावा लागलेल्या हातगाडीवाल्याच्या कमाईचं नुकसान सर्वोच्च न्यायालयाने ९० टक्के धरलं होतं. त्याच्या आधारावर अर्जात १०० टक्के लिहिलं गेलं. हे मला तेव्हाही पटलं नव्हतं. त्या माणसाचा पाय कापला गेला होता आणि गाडी ओढण्याखेरीज त्याच्याकडे कसब नव्हतं. आपल्या दावेदाराचा पाय आहे, आणि हातात कसबही आहे.

काय केलं

अर्ज पाचव्या महिन्याच्या शेवटी, एप्रिल २०२३ मध्ये, प्रमाणपत्राशिवाय दाखल केला. ‘उपचार चालू, अपंगत्व निश्चित झाल्यावर प्रमाणपत्र सादर करू’ एवढं त्यात लिहिलं. व्याज अर्जाच्या तारखेपासून मोजलं जातं, हा दुसरा फायदा. प्रमाणपत्र दीड वर्षाने, हाडं पूर्ण जुळल्यावर घेतलं, आणि तेही उपचार करणाऱ्या खासगी डॉक्टरकडून न घेता जिल्हा रुग्णालयाच्या मंडळाकडून. पैसे घेऊन सढळ टक्के लिहिणाऱ्यांचा अनुभव न्यायाधिकरणांना आहे, तो संशय आधीच टाळलेला बरा.

लोकअदालतीचा प्रस्ताव नाकारला. दागिन्यांचं व्याज भरायला मुकादमाने आणखी थोडी उचल दिली. त्याच मुकादमाला पुढे साक्षीदार म्हणून उभं केलं, आणि कंपनीच्या वकिलांनी उलटतपासणीत हे कर्ज काढलंच: “दावेदाराला पैसे मिळाले तर तुमची उचल फिटणार ना?” मुकादम म्हणाला, “फिटणार. नाही मिळाले तरी फेडणार, पण उशिरा.” न्यायाधीशांनी ते उत्तर जसंच्या तसं नोंदवून घेतलं.

मुकादमाच्या साक्षीने दोन गोष्टी झाल्या. पहिली उत्पन्नाची. त्याच्याकडे हजेरीची वही होती, तेलाचे डाग पडलेली, पानं मागेपुढे झालेली, पण तीन वर्षांची. रोज ६५० रुपये. सुगीच्या महिन्यांत २२-२३ दिवस, पावसाळ्यात निम्मेसुद्धा नाहीत, वर्षाची सरासरी साडेअठरा दिवस. अर्जात महिना १७,५०० मागितले होते, वहीतून निघाले १२,००० च्या आसपास. वही सादर केली तर मागणी आपणच पाडतो, न केली तर पुराव्याविना कंपनीचा दहा हजारांचा आकडा किंवा किमान वेतन. वही सादर केली. माझ्या मते तो निर्णय बरोबर होता.

दुसरी गोष्ट कामाची. वकिलांनी मुकादमाला गवंड्याचा पूर्ण दिवस विचारला. परांचीवर दिवसातून किती वेळा चढावं लागतं. गिलावा करताना एका पायावर भार टाकून किती वेळ उभं राहावं लागतं. फरशी उकिडवं बसल्याशिवाय बसवता येते का. ओळंबा लावताना खाली वाकून वर बघावं लागतं तेव्हा गुडघा कुठे असतो. हे प्रश्न ऐकायला बाळबोध वाटतात. पण बांधकामावर कधीही न गेलेल्या माणसापुढे ८० अंश या आकड्याला अर्थ येतो तो यातूनच. नव्वद अंशही न वाकणारा गुडघा घेऊन खुर्चीवरसुद्धा पाय पुढे टाकून बसावं लागतं, उकिडवं बसणं दूरच.

जिल्हा रुग्णालयाच्या अस्थिरोगतज्ज्ञांची साक्ष मात्र दोन्हीकडे गेली. संपूर्ण शरीराच्या मानाने अपंगत्व किती, या कंपनीच्या प्रश्नावर त्यांनी ११ ते १२ टक्के सांगितलं. त्यावर आपल्या वकिलांनी फेरतपासणीत आकड्यांचा विषयच काढला नाही. घमेलं घेऊन शिडी चढता येईल? नाही. उकिडवं बसता येईल? नाही. सलग उभं किती वेळ? अर्धा तास, फार तर. पुढे सुधारणा होईल? झीज वाढेल, काही वर्षांनी सांधा बदलावा लागू शकतो. याच उत्तरांवर पुढचा निकाल उभा राहिला.

मग दावेदाराची उलटतपासणी. कंपनीने तपासनीस पाठवून फोटो काढले होते: दावेदार एका बांधकामावर काठी टेकून उभा, हातात थापी. वकिलांच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. दावेदाराने मात्र फोटो आपलाच असल्याचं लगेच कबूल केलं. मुकादम दया म्हणून बोलावतो, खालच्या भिंतीचा गिलावा असला की स्टुलावर टेकून करतो, पोरांना ओळी दाखवतो, ४०० रुपये मिळतात, महिन्यात पंधरा दिवस झाले तर नशीब. लपवालपवी केली असती तर १०० टक्क्यांची मागणी आणि तो फोटो शेजारी ठेवून कंपनीने सगळी साक्षच खोटी ठरवली असती. खरं सांगितल्यामुळे उरलेली कमाई किती, याचा आकडा कंपनीच्याच फोटोने नोंदीवर आणला.

निकाल

जुलै २०२५ मध्ये निवाडा आला. न्यायाधिकरणाने ११ टक्केही नाकारले आणि १०० टक्केही. अपघातापूर्वी महिना १२,०००, आता ४०० रुपयांनी पंधरा दिवस म्हणजे ६,०००. कमाईच्या क्षमतेचं नुकसान ५० टक्के.

भविष्यातल्या कमाईचं नुकसान १५,१२,०००. उपचारांच्या दहा महिन्यांतली बुडालेली कमाई १,२०,०००. पक्की बिलं २,८६,४००. प्रवास, आहार आणि सोबत राहणाऱ्याचा खर्च ६०,०००. वेदनेपोटी १,००,०००, आयुष्यातल्या साध्या सुखांना मुकल्याबद्दल ७५,०००, पुढच्या शस्त्रक्रियेसाठी १,००,०००. एकूण २२,५३,४००. भविष्यातल्या उपचारांची रक्कम वगळून बाकीवर अर्जाच्या तारखेपासून साडेसात टक्के व्याज, म्हणजे निवाड्यापर्यंत आणखी सुमारे ३,६३,०००.

आता अपील करायचं का? कलम १७३ खाली ९० दिवस होते. ५० चे ६० टक्के झाले असते तर ३,०२,४०० वाढले असते. ६० मागायला आधारही होता: आजची ४०० रुपयांची मजुरी मुकादमाच्या मर्जीवर आहे, बाजारात असा गवंडी कोणी कामावर घेणार नाही, आणि सांधा झिजतोच आहे. विरुद्ध बाजूला धोका असा की आपण अपील केलं तर कंपनीही प्रतिआक्षेप घेऊन ५० टक्के खाली ओढायला येईल, आणि उच्च न्यायालयात किती वर्षं जातील याचा भरवसा नाही. कंपनीने मुदतीत रक्कम जमा केली, दावेदाराने अपील केलं नाही. त्याच्या कर्जाकडे पाहता मलाही तेच सुचलं असतं. कर्ज नसतं, तर मी ६० साठी लढायचा सल्ला दिला असता.

४० टक्के रक्कम हातात आणि ६० टक्के पाच वर्षांच्या मुदत ठेवीत, व्याज तिमाहीला, असा आदेश होता. दागिने सुटले, उचल फिटली. उरलेल्या आयुष्याची कमाई गेली म्हणून मिळालेला पैसा ठेवीत अडकला आणि कमाईचं नवं साधन उभं करायला हातात काही नाही, अशी ही अडचण. ए. व्ही. पद्मा निकालात (२०१२) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की मुदत ठेवीचा आग्रह यांत्रिकपणे धरू नये, दावेदाराची गरज आणि समज पाहावी. त्याचा आधार घेऊन, काँक्रीट मिक्सर आणि सेंट्रिंगच्या प्लेटांचं दरपत्रक जोडून चार लाखांसाठी अर्ज केला. तो मंजूर झाला. आता हा सगळा माल मुकादमच भाड्याने नेतो.

वेगळं काय करता आलं असतं

अर्जातले १०० टक्के आणि १७,५०० हे दोन्ही आकडे दावेदाराच्या बाजूचे असूनही त्याच्याच अंगावर आले. उलटतपासणीचा अर्धा वेळ त्यातच गेला. मोठा आकडा लिहिला तर मोठी रक्कम मिळेल, या समजुतीला आधार नाही. नागप्पा निकालानुसार (२००२) पुराव्यात बसत असेल तर न्यायाधिकरण मागणीपेक्षा जास्तही देऊ शकतं. मग ‘७० टक्के, उरलेल्या कामाची कबुली देऊन’ असं पहिल्या दिवसापासून मांडता आलं असतं.

दावेदार इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाकडे नोंदलेला नव्हता. वर्षात ९० दिवस काम केल्याचा दाखला दिला की ही नोंदणी होते. ती असती तर गवंडी असल्याचा सरकारी पुरावा मिळाला असता आणि मुकादमाच्या वहीवर एवढा भार पडला नसता.

फिजिओथेरपीच्या पावत्या नव्हत्या. आठवड्यातून तीनदा तालुक्याला रिक्षाने जाणं चालू होतं, पैसे रोख, कागद शून्य. ६०,००० च्या ठोक रकमेत ते सगळं कोंबलं गेलं. सांधा बदलण्याचा खर्चही डॉक्टरांनी तोंडी, अंदाजाने सांगितला. रुग्णालयाचं लेखी अंदाजपत्रक असतं तर एक लाखावर बोळवण झाली नसती, कारण त्या रकमेत प्लेट काढणं आणि सांधा बदलणं दोन्ही बसवायचं आहे.

बायकोने केलेल्या शुश्रूषेचा मुद्दा तर कोणी मांडलाच नाही. बायको त्या दहा महिन्यांत शेतमजुरीला गेली नव्हती, नवऱ्याला उठवायला-बसवायला माणूस लागत होता. तिची साक्ष घेतली नाही, त्यामुळे सोबतीच्या खर्चात तिच्या बुडालेल्या मजुरीचा एक रुपयाही धरला गेला नाही.